सही करायची की नाही? आधी अर्जावरचं धर्माचं नाव झाकून बघा

पत्र (थोडं कापून): "मी आमच्या रहिवासी संघाची सेक्रेटरी आहे. आमच्या रस्त्याच्या टोकाचा रिकामा प्लॉट एका छोट्या समाजाने रीतसर विकत घेतलाय आणि तिथे प्रार्थनास्थळ बांधायची परवानगी मागितलीये. इतकी वर्षं ते लोक एका भाड्याच्या खोलीत जमायचे, कधी कोणाला त्रास झाला नाही. आता विरोधात सह्यांची मोहीम सुरू झालीये. पत्रात कारण एकच, 'यामुळे परिसरातली शांतता व सुव्यवस्था बिघडेल'. मोहीम चालवणारे माझे सख्खे दीर. पत्र संघाच्या लेटरहेडवर द्या आणि पहिली सही तुमची, असा त्यांचा आग्रह आहे. मला त्या लोकांचा राग नाही, पण पार्किंगची आणि आवाजाची धास्ती वाटते, आणि उद्या खरंच काही झालं तर? सही नाही केली तर घरात आणि ग्रुपवर मीच परकी ठरणार. सरळ मतदान घेऊन मोकळं व्हावं का? सही करू की गप्प बसू? आणि शेवटचं, त्यांची वास्तू झालीच आणि उद्घाटनाचं बोलावणं आलं तर जावं का?"

ताई,

तुम्ही पत्रात त्या समाजाचं नाव लिहिलंय, तुमच्या बाजूच्यांचंही लिहिलंय, मी दोन्ही गाळलीत आणि ते काही फक्त तुमची ओळख लपावी म्हणून नाही. नाव छापलं असतं तर वाचणाऱ्यांपैकी निम्म्यांनी तिथेच निकाल लावला असता आणि पुढचं कोणी वाचलं नसतं. आता प्रत्येकाने आपापल्या मनातलं नाव घालून वाचा, आणि जमलं तर परत एकदा नावं उलटी करून वाचा.

उत्तर आधीच सांगून टाकते, उगाच ताणत नाही. त्या पत्रावर सही करू नका. पण गप्पही बसू नका, कारण पार्किंग आणि आवाज हे तुमचे प्रश्न खरे आहेत आणि गंमत म्हणजे तुमच्या भाऊजींच्या पत्रात ते कुठेच नाहीयेत. तिथे फक्त "शांतता बिघडेल" आहे.

आता हे वाक्य जरा नीट बघा. शांतता बिघडेल, ठीक आहे, पण बिघडवणार कोण? जे लोक इतकी वर्षं एका खोलीत निमूटपणे जमत होते ते स्वतःची वास्तू झाल्यावर एकदम दंगा करतील असं तर पत्र लिहिणाऱ्यांनाही वाटत नाही. म्हणजे अर्थ एवढाच निघतो की हे झालं तर आम्ही चिडू, आणि आम्ही चिडलो की काय होईल ते तुम्हाला माहितीये, म्हणून परवानगी देऊ नका. सभ्य भाषेत लिहिलेली धमकीच आहे ही, आणि तिच्याखाली पहिली सही तुमची हवीये. भाऊजींच्या मनात हे असेलच असं मी म्हणत नाही, बऱ्याचदा असा ड्राफ्ट कुठूनतरी फॉरवर्ड होऊन आलेला असतो आणि लोक न वाचताच खाली नाव टाकतात, पण कागदावर अर्थ तोच राहतो.

तुमचे लोक म्हणतील की राज्यघटनेतच लिहिलंय, धर्मस्वातंत्र्य सार्वजनिक सुव्यवस्थेच्या अधीन आहे. बरोबर, अनुच्छेद २५ची सुरुवातच तिथून होते, सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांच्या अधीन राहून. अनुच्छेद २६मध्ये धार्मिक संस्था स्थापन करायचा आणि चालवायचा हक्क दिलाय, तिथेही हीच अट आहे. भारताने १९७९ साली मान्य केलेल्या नागरी व राजकीय हक्कांच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या कलम १८मध्येही सुव्यवस्थेचं कारण आहे, फक्त तिथे स्पष्ट म्हटलंय की बंधन कायद्याने घातलेलं हवं आणि आवश्यक हवं. तेव्हा हे कारण खोटं नाही. पण ते किती मोठं झालं की लागू होतं, हा खरा प्रश्न, आणि त्यावर आपल्या सुप्रीम कोर्टाने फार पूर्वीच एक चांगली मोजपट्टी देऊन ठेवलीये.

१९६५ साली राममनोहर लोहियांना बिहारमध्ये भारत संरक्षण नियमांखाली स्थानबद्ध केलं होतं आणि ते प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी तिथे एकात एक तीन वर्तुळं कल्पून समजावलंय. सगळ्यात बाहेरचं मोठं वर्तुळ कायदा व सुव्यवस्थेचं, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचं आणि अगदी आत राज्याच्या सुरक्षेचं. म्हणजे दोघांची बाचाबाची झाली, कुणी गाडी आडवी लावली, एखाद्याने दगड मारला, तर ते बाहेरच्या वर्तुळातलं काम, पोलिसांनी बघावं. सार्वजनिक सुव्यवस्था बिघडली असं म्हणायला त्याचा धक्का अख्ख्या समाजाच्या रोजच्या जगण्याला बसायला हवा. लोहिया सुटले, कारण नियमांनी स्थानबद्धतेची मुभा सार्वजनिक सुव्यवस्थेसाठी दिली होती आणि आदेशात कारण लिहिलं होतं कायदा व सुव्यवस्थेचं, म्हणजे बाहेरच्या, जास्त ढगळ वर्तुळातलं. आता या पट्टीवर तुमच्या रस्त्याच्या टोकाची वास्तू ठेवून बघा. तुम्ही लिहिलेल्या भीतींपैकी एक सोडून बाकी सगळ्या बाहेरच्या वर्तुळात पडतात, आत एकच जाऊ शकते, ती म्हणजे दंगल, आणि ती करायची की नाही हे सही गोळा करणाऱ्यांच्याच हातात आहे!

यावरही कोर्टाचं म्हणणं आहे. १९८९ साली एका तमिळ सिनेमाच्या प्रकरणात सरकारचं म्हणणं असं होतं की हा दाखवला तर लोक उसळतील, निदर्शनं होतील. एस. रंगराजन विरुद्ध पी. जगजीवन राम म्हणून ती केस आहे. कोर्टाने सांगितलं की निदर्शनांच्या आणि हिंसाचाराच्या धमकीपुढे स्वातंत्र्य दाबता येणार नाही, तसं केलं तर कायद्याचं राज्य सोडून देऊन धमकावणाऱ्यांपुढे शरण गेल्यासारखं होईल, धोका हवा तर तो दारूगोळ्याच्या कोठारातल्या ठिणगीसारखा लागलीच पेट घेणारा हवा, लांबचा आणि कल्पनेतला नको. ती केस अभिव्यक्तीची होती, प्रार्थनास्थळाची नव्हती, पण युक्तिवाद अगदी तुमच्या भाऊजींच्या पत्रातलाच. आणि साधा विचार करा, एकदा हे कारण चाललं की पुढच्या वेळी प्रत्येक गटाला कळतं, आवाज चढवला की काम होतं. मग जास्त शांत कोण होणार, सांगा.

मतदानाचं विचारलंत. पार्किंगच्या रेषा कुठे मारायच्या यावर घ्या की मतदान, गेट किती वाजता बंद करायचं यावर घ्या. शेजाऱ्याने प्रार्थना कुठे करावी यावर घेऊ नका. असं मत घेतलेल्या देशांचं पुढे काय झालं ते बघण्यासारखं आहे. स्वित्झर्लंडमध्ये २९ नोव्हेंबर २००९ला मिनार बांधण्यावर बंदी घालावी का यावर सार्वमत झालं, ५७.५ टक्के लोक हो म्हणाले आणि बंदी थेट राज्यघटनेत गेली. तेव्हा पूर्ण देशात मिनार होते फक्त चार! चार मिनारांमुळे कुठली वाहतूक तुंबली होती की कुणाची झोप मोडली होती, तर काही नाही, मशिदींवर बंदी नाहीच, नुसत्या मिनारांवर. म्हणजे मतदान पार्किंगवर आणि आवाजावर झालंच नाही, समोरच्यांना आपण इथले समजतो का यावर झालं. तुमच्याकडेही तेच होईल. कागदावर विषय प्लॉटचा असेल आणि मतं माणसांवर पडतील, आणि हरलेल्या माणसांना त्यानंतरही त्याच रस्त्याने रोज जायचंय.

इंडोनेशियात तर हे नियमातच बसवलंय. २००६च्या तिथल्या दोन मंत्र्यांच्या संयुक्त नियमाप्रमाणे प्रार्थनास्थळासाठी वापरणाऱ्या किमान ९० जणांची नावं आणि ओळखपत्रं लागतात, शिवाय आसपासच्या किमान ६० जणांचा पाठिंबा आणि धर्मसलोख्याच्या स्थानिक मंचाची शिफारस. ऐकायला किती समंजस वाटतं ना, शेजाऱ्यांना विचारा, सलोखा राखा! पण शेजाऱ्यांची सही लागते म्हटलं की शेजाऱ्यांवर दबाव आणणं हाच विरोधाचा सोपा रस्ता होतो. बोगोर शहरातल्या यास्मिन चर्चचं प्रकरण यात गाजलं. त्यांना परमिट मिळालं, मग महापालिकेने ते गोठवलं, २०१०मध्ये तिथल्या सुप्रीम कोर्टाने चर्चच्या बाजूने निकाल दिला, तरी इमारतीचं सील निघालं नाही. लोक फुटपाथवर प्रार्थना करायचे, पुढे जकार्तात राष्ट्रपती भवनासमोर येऊन करायला लागले. शेवटी २०२३ला वेगळ्या जागी त्यांचं चर्च उघडलं. म्हणजे सुव्यवस्थेच्या नावाने एक इमारत बंद ठेवली आणि त्यापायी वर्षानुवर्षं लोक रस्त्यावर, पोलीस रस्त्यावर, निदर्शक रस्त्यावर. आणि याच देशात पूर्वेकडे जिथे ख्रिस्ती बहुसंख्य आहेत तिथे मशिदींना असाच अडथळा झालाय. नियम तोच, नुसती माणसं बदलली. म्हणूनच मघाशी म्हटलं, नावं उलटी घालून वाचा.

अजून एक ग्रीसचं सांगते, कारण ते तुमच्या भाड्याच्या खोलीसारखंच आहे. क्रीट बेटावरच्या हेराक्लिओनमध्ये यहोवाज विटनेसेस या पंथाच्या काही लोकांनी १९८३ला प्रार्थनेसाठी एक खोली भाड्याने घेतली आणि मंत्रालयाकडे परवानगी मागितली. कायदा १९३८च्या हुकूमशाहीच्या काळातला. मंत्रालयाने नाही म्हटलं नाही आणि होही म्हटलं नाही, नुसती पत्रं येत राहिली की अजून निर्णय झालेला नाही, आणि तिकडे विनापरवाना जागा वापरली म्हणून त्याच लोकांवर खटला भरून शिक्षा. १९९६ला युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने हे धर्मस्वातंत्र्याचं उल्लंघन ठरवलं. परवानगी मागायला लावणं यात काही चूक नाही, पण त्या निमित्ताने कोणाची श्रद्धा योग्य हे सरकारने ठरवायचं नाही, आणि अर्ज कुजवत ठेवून हक्क मारायचा नाही. अर्ज कुजवायची ही कला आपल्याला काही कोणी बाहेरून शिकवायला नको म्हणा.

आणि हे लिहिताना मला सारखं वाटतंय की तुमच्या त्या समाजाने एक "चूक" केलीये, त्यांनी विचारलं. जे विचारत नाहीत, रातोरात फुटपाथवर किंवा बागेच्या कोपऱ्यात काहीतरी उभं करतात, त्यांच्याविरुद्ध सह्या गोळा करायला फारसं कोणी पुढे येत नाही, भावना दुखावतील म्हणून सगळे चूप. सुप्रीम कोर्टाला २९ सप्टेंबर २००९ला वेगळा आदेश काढावा लागला की रस्ते, बागा, सार्वजनिक जागा यांवर मंदिर, मशीद, चर्च, गुरुद्वारा अशा कोणत्याही नावाने नवं अनधिकृत बांधकाम होऊ देऊ नका. तेव्हा स्वतःच्या जमिनीवर, नकाशा घेऊन, रांगेत उभं राहून परवानगी मागणाऱ्यालाच जर आपण सगळ्यात जास्त छळलं तर बाकीच्यांनी त्यातून काय शिकायचं? विचारू नका, बांधून टाका, हेच ना. सुव्यवस्थेची काळजी असणाऱ्याने तर अशा अर्जदाराला चहा पाजायला हवा.

आता तुमची खरी धास्ती. मी अजिबात असं म्हणत नाहीये की देवाचं नाव आलं की सगळं माफ. एका जागी ठरावीक वेळी माणसं जमली की गाड्या येतात, गोंगाट होतो, बाहेर पडताना कोंडी होते, आग लागली तर बाहेर निघायला दारं लागतात, हे धर्माचं नाही, गर्दीचं आहे. म्हणून एक काम करा, अर्जावरचं धर्माचं नाव कागदाने झाकून टाका आणि स्वतःला विचारा, तेवढ्याच माणसांचा कोचिंग क्लास, जिम किंवा समारंभाचा हॉल इथे येत असता तर मी काय काय विचारलं असतं? तेवढं सगळं विचारा, अगदी खडसावून विचारा. त्याच्यापेक्षा एक अक्षर जास्त नको. एकाच वेळी जास्तीत जास्त किती लोक, कुठल्या दिवशी, किती वाजता. गाड्या प्लॉटच्या आत किती मावतील, उरलेल्या कुठे. मोठ्या दिवसांना गर्दी दुप्पट झाली तर आतच दोन वेळा करणार की रस्त्यावर मांडव घालणार. फायर ब्रिगेडची गाडी आत वळेल का. मंजूर नकाशाच्या बाहेर उद्या शेड वाढणार नाही ना, कारण अनुभव असा आहे की भांडण मूळ इमारतीपेक्षा नंतर वाढलेल्या शेडवरूनच जास्त होतं.

आवाजाचं तर नियम तयार आहेत, त्यासाठी कोणाला नकार द्यायची गरजच नाही. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा, रात्री १० ते सकाळी ६ लाऊडस्पीकर बंद, आणि एरवीही त्याला लेखी परवानगी लागते. त्याच वर्षी चेन्नईतल्या एका चर्चच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की दुसऱ्याची शांतता मोडून, ध्वनिवर्धक लावून किंवा ढोल बडवून प्रार्थना करा असं कुठलाच धर्म सांगत नाही. हे सगळ्यांना लागू आहे, तुमच्या संघाच्या स्वतःच्या कार्यक्रमांनाही, ताई, तेव्हा पत्रात लिहिताना जरा मागचं वर्ष आठवून लिहा.

मग सुव्यवस्थेचं कारण खरं कधी ठरतं? ठरतं ना. एखाद्या विशिष्ट दिवशी दोन मिरवणुका समोरासमोर येणार असतील, परिसरात आधीच हाणामारी झाली असेल, पोलिसांकडे पक्की माहिती असेल, तर तो कार्यक्रम पुढे ढकला, मार्ग बदला, चार दिवस बंदोबस्त ठेवा, हे सगळं रास्त आहे. पण यातली प्रत्येक गोष्ट तात्पुरती आहे, ठरावीक तारखेची आहे आणि पुराव्यावर आहे. "कधीतरी काहीतरी होईल" म्हणून कायमची परवानगीच नाकारणं वेगळं. आणि जागेच्या मालकीवरच वाद असेल किंवा आरक्षण वेगळ्या कामासाठी असेल तर तो जमिनीचा आणि नियोजनाचा प्रश्न आहे, तो त्या कागदांवर लढा, त्याला सुव्यवस्थेचा मुलामा देऊ नका.

"उद्या खरंच काही झालं तर?" या तुमच्या प्रश्नाने मी थांबले होते, कारण तो खरा आहे, झोप उडवणारा आहे. झालंच तर जबाबदार तो ज्याने हात उचलला, आणि त्याला थांबवायचं काम पोलिसांचं. अर्जदाराचं नाही आणि सही न करणाऱ्या सेक्रेटरीचं तर नाहीच नाही. तुम्हाला शक्यता वाटत असेल तर पोलीस ठाण्यात जाऊन सांगा की वातावरण तापवलं जातंय, अमुक मेसेज फिरतायत, लक्ष ठेवा. हे सांगणं चुगली नाही, सेक्रेटरी म्हणून कामच आहे तुमचं.

आता घरचं, मला वाटतं सगळ्यात अवघड हेच. भाऊजींशी ग्रुपवर वाद घालू नका, तिथे ते एकटे नसतात, त्यांच्यामागे टाळ्या वाजवणारे असतात आणि मग माणूस मागे येऊ शकत नाही. घरी, चारचौघांत नाही, शांतपणे सांगा की भाऊजी, संघाचं लेटरहेड सभा बोलावून ठराव केल्याशिवाय मी कोणालाच देऊ शकत नाही, तुम्हालाही नाही आणि उद्या समोरच्यांनी मागितलं तर त्यांनाही नाही. तुम्हाला वैयक्तिक पत्र द्यायचंय, जरूर द्या, तो तुमचा हक्क. हे सांगताना धर्म, घटना, इंडोनेशिया काही काढू नका, फक्त लेटरहेड. एवढं कारण पुरेसं आहे आणि शंभर टक्के खरं आहे. तरी ते रुसतील, दोन महिने बोलणार नाहीत कदाचित. जाऊ बोलते ना? मग तेवढा दोर राहू दे.

आणि संघाकडून वेगळं पत्र पाठवा, सभेत वाचून दाखवून, ठराव करून. साधारण असं लिहा: "सदर प्लॉटवरील प्रस्तावित प्रार्थनास्थळास आमची तत्त्वतः हरकत नाही. मात्र परवानगी देताना एकावेळची कमाल उपस्थिती, प्लॉटच्या आतील वाहनतळ, आपत्कालीन मार्ग, ध्वनिमर्यादेचं पालन आणि मंजूर नकाशाबाहेर बांधकाम न करणे या अटी लेखी घालाव्यात आणि एक वर्षाने पाहणी करावी." सभेत यातलं पहिलं वाक्य उडवा म्हणून ओरडा होईल. "तत्त्वतः हरकत नाही" हे वाक्य पास होत नसेल तर काढा, नुसत्या अटी पाठवा, त्याने काही बिघडत नाही. पण "शांतता बिघडेल" हे वाक्य घुसवायला लागले तर सरळ ठरावावर तुमचा विरोध नोंदवा, इतिवृत्तात लिहून घ्या आणि त्या पत्रावर सही दुसऱ्या पदाधिकाऱ्याला करू दे.

त्याआधी अर्जदारांपैकी दोघांना बोलावून हेच प्रश्न विचारा, संघाच्या ऑफिसात, दोन पदाधिकारी बरोबर घेऊन. गाड्या नि वेळा यांचं त्यांनी आधीच ठरवलेलं असण्याची शक्यता भरपूर आहे, आणि नसेल तर तुम्ही विचारल्यावर ठरवतील. तक्रार आली तर फोन कोणाला करायचा ते एक नाव आणि नंबर लिहून घ्या, अर्ध्या भानगडी तिथेच मिटतात. उत्तरं गोलमोल आली, "बघू नंतर" असं झालं, तर तेही पत्रात लिहा, त्यात संकोच नको.

उद्घाटनाला जावंसं वाटलं तर जा, नाही वाटलं तर नका जाऊ. नाही गेलात म्हणून तुम्ही कद्रू ठरत नाही आणि गेलात म्हणून परकी ठरत नाही, घरचे काहीही म्हणोत. फक्त गाडी घेऊन जाऊ नका, चालत जा, पार्किंगच्या अटी तुम्हीच घालायला लावल्यात.